अमेरिकेत बोलिंग एवढं लोकप्रिय कसं झालं?

क्रिकेटमधली नव्हे, चेंडू घरंगळत सोडून दहा पिना, म्हणजे बाटलीच्या आकाराचे उभे खुंट, पाडायची बोलिंग! मूळ खेळ नऊ पिनांचा, जर्मन स्थलांतरितांनी तिकडे रुजवलेला. त्यावर जुगार इतका बोकाळला की कनेक्टिकटने १८४१ मध्ये बंदीच घातली. १८९५ मध्ये न्यूयॉर्कला अमेरिकन बोलिंग काँग्रेस ही खेळाची संघटना स्थापन झाली आणि दहा पिनांचे नियम, मापं एकसारखी झाली.

पण माझ्या मते खरी कमाल यंत्राची. आधी लेनच्या, म्हणजे चेंडू सोडायच्या लांब पट्टीच्या, टोकाला एक पोरगा बसलेला असायचा, पिनबॉय. चेंडू आला की अंग चोरायचं, मग पडलेल्या पिना हाताने पुन्हा मांडायच्या आणि चेंडू परत धाडायचा. १९५० च्या दशकात ते काम यंत्रांकडे गेलं, पोरांवरची भिस्त संपली. त्यात टीव्हीवर सामने दिसू लागले. कारखान्यांच्या लीग तर होत्याच. शिफ्ट सुटली की भाड्याचे बूट चढवून मंडळी लेनवर हजर!