क्लाउन नावाचे सगळे मासे ‘विदूषक मासे’ का?

प्रश्न असा आहे : मुलांसाठीच्या माशांवरच्या एका पुस्तकाचा अनुवाद करताना एकाच प्रकरणात क्लाउनफिश, क्लाउन लोच, क्लाउन ट्रिगरफिश आणि क्लाउन नाइफफिश अशी चार नावं आली. चौघांनाही ‘विदूषक मासा’ म्हटलं तर चालेल का? पुढे हार्लेक्विन रासबोराही आहे, त्यालाही विदूषकच म्हणायचं का? आणि क्लाउनफिश ‘तो’ की ‘ती’?

चौघांना एकच नाव मुळीच देऊ नये. या चार माशांचं एकमेकांशी जवळचं नातं नाही. दोन समुद्रातले आहेत, दोन गोड्या पाण्यातले. मूळ इंग्रजी नावांत ते वेगळे राहतात, कारण दुसरा शब्द वेगळा आहे. मराठीत आपण तो दुसरा शब्दच गाळून टाकला तर चार वेगळे जीव एका नावाखाली कोंबले जातील.

याचं उत्तर शाळेत शिकलेल्या समासातच आहे. ‘नीलकमल’ हे शेवटी कमळच असतं, निळेपणा हा त्याचा गुण. कर्मधारयात उत्तरपद महत्त्वाचं. तसंच क्लाउन लोच हा लोच, क्लाउन ट्रिगरफिश हा ट्रिगरफिश आणि क्लाउन नाइफफिश हा नाइफफिश. या तिन्ही नावांत ‘क्लाउन’ हे साधं विशेषण आहे आणि ते फक्त रंगरूपाबद्दल बोलतं. गोंधळ उडतो तो ‘क्लाउनफिश’ या पहिल्याच नावामुळे. तिथे उत्तरपद नुसतं ‘मासा’ आहे, त्यातून कुळाचा काहीच पत्ता लागत नाही. म्हणून तिथे कुळाचं ओझं ‘क्लाउन’ या शब्दावर येऊन पडलं आहे. एकाच शब्दाची ही दोन कामं लक्षात घेतली की अनुवादाची निम्मी अडचण सुटते.

आधी विशेषणवाले पाहू. क्लाउन लोच आणि क्लाउनफिश यांचीच सर्वांत जास्त गल्लत होते, कारण दोघेही केशरी आणि दोघांनाही तीन पट्टे. पण नीट पाहिलं तर फरक लगेच दिसतो. क्लाउनफिशचे पट्टे पांढरे, त्यांना काळी किनार. लोचचे पट्टेच काळे आणि चांगले रुंद. पहिला थेट डोळ्यावरून खाली उतरतो, इतका की काळ्यात डोळा हरवून जातो. दुसरा पाठीवरच्या पराच्या पुढे. तिसरा त्या पराच्या मागच्या भागातून खाली येतो. पोट सपाट, तोंड खालच्या बाजूला वळलेलं, तोंडाशी छोट्या मिशा. डोळ्याखाली एक काटा असतो, एरवी मिटलेला. माशाला धोका वाटला की तो बाहेर येतो, आणि जाळीने पकडताना तिच्यात अडकतो. सुमात्रा आणि बोर्निओच्या नद्यांमधला हा मासा, ३० सेंटीमीटरपर्यंत वाढणारा. डच शास्त्रज्ञ ब्लीकर यांनी १८५२ साली त्याचं वर्णन केलं. मुलांच्या पुस्तकात त्याला ‘विदूषक मासा’ म्हणून वर प्रवाळाचं चित्र काढलं तर नदीतला मासा समुद्रात जाऊन पडेल. ‘विदूषक लोच’ म्हणा. ‘लोच’ला मराठीत सर्वांना कळेल असा शब्द नाही, तो तसाच राहू द्या आणि पहिल्यांदा येईल तिथे ‘नदीच्या तळाशी वावरणारा मिशीवाला मासा’ एवढं जोडा.

क्लाउन ट्रिगरफिशचा थाट अगदीच निराळा. काळ्या अंगावर खालच्या अर्ध्या भागात मोठाले पांढरे गोल, ओठांभोवती पिवळंधमक, पाठीवर काळ्या ठिपक्यांचं पिवळं खोगीर. रंगमंचावरच्या रंगवलेल्या चेहऱ्याची आठवण खरं तर हाच सर्वांत जास्त करून देतो. यातला ‘ट्रिगर’ म्हणजे बंदुकीचा चाप. पाठीवरचा पहिला जाड काटा उभा राहिला की दुसरा काटा त्याला अडकवून धरतो. दुसरा दाबला की पहिला सुटतो. धोका दिसला की मासा खडकाच्या फटीत शिरतो आणि काटा उभा करून स्वतःला तिथे पक्का अडकवून घेतो. ‘विदूषक चापमासा’ हा शब्द मला आवडेल. मुलांना कारण सांगता येतं आणि कारण कळलं की नाव लक्षात राहतं.

क्लाउन नाइफफिश आग्नेय आशियातल्या नद्यांमधला. लांबट, चपटा, पोटाखालचा पर शेपटीपर्यंत अखंड गेलेला, त्यामुळे सुरीच्या पात्यासारखा दिसणारा. अंगावर शेपटीच्या दिशेने काळ्या गोल ठिपक्यांची ओळ, प्रत्येकाभोवती फिकट कडं. त्याच्या शास्त्रीय नावातला पहिला शब्द ‘चिताला’ हा ‘चितल’ या बंगाली मत्स्यनामावरून आलेला आहे. ‘विदूषक सुरीमासा’ पुरेल.

आणखीही पुष्कळ ‘क्लाउन’ आहेत : क्लाउन किलीफिश, क्लाउन प्लेको, क्लाउन गोबी, क्लाउन फ्रॉगफिश. नियम तोच. पण एकाजवळ थांबायलाच हवं. कॉरिस आयगुला या समुद्री माशाला क्लाउन कॉरिस म्हणतात. त्याचं पिल्लू पांढरं असतं, पाठीवर दोन केशरी ठसे आणि पाठीच्या परावर त्या ठशांच्या वरच डोळ्यासारखे काळे ठिपके. हा मासा मोठा होतो तसे ठसे विरत जातात आणि पूर्ण वाढलेला नर गडद हिरवट, कपाळाला टेंगूळ आलेला, मीटरभर लांबीचा होतो. त्याच्याकडे पाहून कुणालाही विदूषक आठवणार नाही. म्हणजे हे नाव पिल्लाला पाहून पडलं आणि आयुष्यभर चिकटलं. अनुवादकाने अशा ठिकाणी चित्र पाहूनच शब्द ठरवावा, कारण पानावर प्रौढ मासा छापलेला असेल तर ‘विदूषक’ वाचून मूल बुचकळ्यात पडेल. तिथे एक खुलाशाचं वाक्य हवंच.

आता खुद्द क्लाउनफिश. हा डॅमसेलफिश या लहान समुद्री माशांच्या कुलातला एक गट आहे, साधारण ३० जातींचा. हिंदी आणि प्रशांत महासागरात, तांबड्या समुद्रात ते आढळतात. अटलांटिकमध्ये एकही नाही. निसर्गात ते समुद्रफुलाच्या, म्हणजे तळाला चिकटून राहणाऱ्या फुलासारख्या दिसणाऱ्या प्राण्याच्या, आसऱ्यानेच राहतात. (काही जण समुद्रपुष्प लिहितात, दोन्ही चालेल.) समुद्रफुलाच्या सोंडांमध्ये दंशपेशी असतात, पण क्लाउनफिशच्या अंगावरच्या बुळबुळीत थरामुळे त्याला त्यांचा त्रास होत नाही. समुद्रफुलांच्या हजारापेक्षा जास्त जाती असून त्यांतल्या जेमतेम दहा जाती या माशांना घर देतात.

या गटात ‘क्लाउन’ हे कुळाचं आडनाव झालं आहे आणि आडनावाचा अर्थ माणसाला लागू पडावा असं आपण म्हणत नाही. टोमॅटो क्लाउनफिशच्या लालसर अंगावर डोक्यामागे एकच पांढरा पट्टा. स्कंक क्लाउनफिशच्या पाठीवरून नाकापासून शेपटीपर्यंत एक पांढरी रेघ. रेड सॅडलबॅक क्लाउनफिश मोठा झाला की त्याच्या अंगावर एकही पट्टा राहत नाही, केशरी-लाल अंगावर मागच्या बाजूला काळा डाग तेवढा उरतो. तरी तिघेही क्लाउनफिशच. म्हणून अनुवादात ‘विदूषक मासा’ हे नाव याच गटासाठी राखून ठेवावं आणि बाकीच्यांच्या बाबतीत ‘विदूषक’ नेहमी दुसऱ्या नामाच्या आधी, विशेषण म्हणून यावा. ‘ॲनिमोनफिश’ या दुसऱ्या इंग्रजी नावावरून ‘समुद्रफूल मासा’ असंही सुचवलं जातं. नाव गोड आहे, माशाच्या जगण्याबद्दल खरं सांगणारं आहे. पण समुद्रफुलात डॅसिलस या दुसऱ्या गटातल्या माशांची पिल्लंही राहतात, त्यामुळे ‘समुद्रफुलात दिसला म्हणजे क्लाउनफिश’ असा समज होऊ शकतो.

‘विदूषक’च का, ‘जोकर’ किंवा ‘सोंगाड्या’ का नाही? इंग्रजी ‘क्लाउन’ मुळात गावंढळ माणसासाठी होता, मग नाटकातल्या विनोदी पात्रासाठी आला. पांढरा चेहरा आणि गालांवर लाल रंग ही ओळख लंडनचा नट जोसेफ ग्रिमाल्डी याने १९ व्या शतकाच्या आरंभी लोकप्रिय केली. माशाचं नाव या रंगवलेल्या क्लाउनवरून आहे. आपल्या संस्कृत नाटकातला विदूषक असा रंगीत नव्हे. भरताच्या नाट्यशास्त्रात तो बुटका, पुढे दात आलेला, कुबड असलेला, टकला असा सांगितला आहे; त्याचा विनोद शरीरातून आणि बोलण्यातून येतो, अंगावरच्या पट्ट्यांतून नाही. तरीही आजच्या मराठीत विदूषक म्हटलं की सर्कशीतला रंगवलेला माणूसच डोळ्यांपुढे येतो, तेव्हा शब्द बसतो. ‘जोकर मासा’ही चूक नाही, मुलं तेच म्हणतील, मात्र छापील पुस्तकात त्याला पत्त्यांमधला अर्थ चिकटलेला आहे.

‘सोंगाड्या’ मला फार आवडतो, त्यात ‘सोंग’ आहे, म्हणजे रंग आणि वेश दोन्ही आले. पण तो इथे वापरू नये असं माझं ठाम मत आहे. माशांमध्ये खरोखरीचे सोंगाडे आहेत. क्लीनर रॅस नावाचा छोटा मासा इतर माशांच्या अंगावरचे परजीवी खाऊन त्यांना स्वच्छ करतो. त्याच्यासारखेच निळे-काळे पट्टे घेऊन ब्लेनी गटातला एक मासा हुबेहूब त्याचं सोंग आणतो, आणि स्वच्छतेसाठी थांबलेल्या माशाच्या परांचे लचके तोडतो. ‘सोंगाड्या’ हा शब्द त्या ब्लेनीचा आहे. क्लाउनफिश कुणाचं सोंग घेत नाही, म्हणून हा शब्द त्याला दिला तर पुढे खऱ्या सोंगाड्यासाठी काही उरणार नाही.

याच पुस्तकात कदाचित ‘फॉल्स क्लाउनफिश’ हेही नाव येईल. त्याला ‘खोटा विदूषक मासा’ म्हणू नका. तो पूर्ण खरा क्लाउनफिश आहे, शास्त्रीय नाव ॲम्फिप्रिऑन ऑसेलॅरिस. त्याच्यासारखाच दिसणारा ॲम्फिप्रिऑन पर्क्युला हा आधी, १८०२ साली वर्णिला गेला. ऑसेलॅरिस १८३० साली. पर्क्युलाशी साम्य असल्यामुळे नंतरच्याला ‘फॉल्स’ चिकटलं, एवढंच. फरक हवा असेल तर पाठीच्या परातले काटे मोजतात : ऑसेलॅरिसला सहसा ११, पर्क्युलाला सहसा १०. शिवाय पर्क्युलाच्या पांढऱ्या पट्ट्यांची काळी किनार बऱ्याचदा अधिक जाड असते. मराठीत सरळ ‘ऑसेलॅरिस’ आणि ‘पर्क्युला’ लिहावं. ‘निमो मासा’ असं बोलण्यात सर्रास ऐकू येतं. ते २००३ च्या ‘फाइंडिंग नीमो’ या चित्रपटातल्या पात्राचं नाव आहे, जातीचं नव्हे, म्हणून माहितीच्या पुस्तकात टाळावं.

हार्लेक्विन हा विदूषकाचा भाऊबंद खरा, पण वेगळा. इटलीतल्या जुन्या लोकनाट्यातलं हे पात्र, रंगीबेरंगी चौकटींच्या अंगरख्यावरून ओळखलं जाणारं. त्याला विदूषक केलं तर पुन्हा सगळे एकाच पोत्यात. हार्लेक्विन रासबोरा गोड्या पाण्यातला, चिमुकला, अंगाच्या मागच्या अर्ध्या भागावर काळा त्रिकोण असलेला मासा. ‘हार्लेक्विन’ तसंच ठेवा. हार्लेक्विन टस्कफिश मात्र समुद्रातला, केशरी-निळ्या पट्ट्यांचा आणि निळ्या दातांचा. इथेही उत्तरपदच कुळ सांगतं.

उत्तरपदही एकच असेल तिथे मात्र समास हात टेकतो. ‘एंजलफिश’ हे नाव अॅमेझॉन खोऱ्यातल्या गोड्या पाण्यातल्या त्रिकोणी माशालाही आहे आणि प्रवाळांतल्या एका संपूर्ण वेगळ्या कुलालाही. ‘बटरफ्लायफिश’चंही तसंच : एक आफ्रिकेच्या नद्यांमधला, बाकीचे समुद्रातले. इथे ‘गोड्या पाण्यातला’, ‘समुद्री’ ही विशेषणं प्रत्येक वेळी लावण्याला पर्याय नाही.

राहिलं लिंग. ‘फिश’वरून काही जण ‘ती क्लाउनफिश’ म्हणतात, पण मराठीत अशा नावांचं लिंग मनातल्या ‘मासा’ या शब्दावरून ठरतं, म्हणून ‘तो क्लाउनफिश’ हेच सहज वाटतं. क्लाउनफिशचं सामान्यरूप होत नाही : क्लाउनफिशचा, क्लाउनफिशला. ‘विदूषक मासा’ घेतला की मात्र ‘विदूषक माशाचा’, ‘विदूषक माशांना’. दोन शब्द तोडून लिहावेत. ‘विदूषकमासा’ वाचताना अडखळायला होतं. मादीबद्दल लिहिताना ‘विदूषिका’ वगैरे घडवू नका, ‘विदूषक माशाची मादी’ म्हणा. हा उल्लेख या माशाच्या बाबतीत वारंवार येईल, कारण सगळे क्लाउनफिश आधी नर असतात. एका समुद्रफुलातल्या गटात सर्वांत मोठी ती मादी, तिच्या खालोखालचा तिचा जोडीदार नर, बाकीचे लहान आणि प्रजनन न करणारे. मादी गेली की तोच जोडीदार मादी होतो आणि उरलेल्यांतला मोठा नराची जागा घेतो. अशा वाक्यात ‘विदूषक मासा मादी होतो’ असं लिहिलं तर ते व्याकरणालाही धरून आहे आणि प्राणिशास्त्रालाही.