‘फिअर अँड हंगर’ या गेममध्ये पहिल्याच गार्डकडून मरतोय. लेव्हल कुठे वाढवू? आणि विरार-चर्चगेट लोकलमध्ये स्टीम डेकवर (हातात धरून खेळायच्या गेमिंग यंत्रावर) खेळणं जमेल का?

लेव्हल वाढवायला जागा शोधू नका, या गेममध्ये लेव्हलच नाही. फिनलंडच्या मिरो हावेरिनेनने 2018मध्ये आरपीजी मेकर या गेम बनवायच्या सॉफ्टवेअरवर तो बनवला. दिसतो जुन्या जपानी आरपीजीसारखा (पात्र घेऊन खेळायच्या गेमसारखा), पण लढाई जिंकून एक्सपी, म्हणजे लेव्हल वाढवणारे अनुभवाचे गुण, शून्य. पदरात पडतात त्या जखमा. त्यामुळे वळसा घालून जाता येत असेल तर वळसाच घाला. नवख्याने मर्सिनरी (भाडोत्री सैनिक) हे पात्र घ्यावं: कुलपं उघडणं आणि लढाईतून निसटणं, दोन्ही शिकता येतं.

गार्डशी भिडावंच लागलं तर धडावर वार करत बसू नका, बहुतेक जण तिथेच मरतात. आधी हत्यार धरलेला हात तोडा, कारण तुमचे हातपाय छाटणारा तोच. मग पाय. पाय गेले की डोक्यावरचे वार लागायला लागतात, आणि डोकं उडालं की लढाई संपली. तुमचा स्वतःचा हात गेला तर दोन हातांनी पेलायचं हत्यार विसरा.

लढाईनंतर रक्त वाहत असेल तर कापडाची पट्टी लगेच बांधा. जमिनीवरच्या गंजक्या खिळ्यांकडे लक्ष ठेवा, पाय पडला की जखम चिघळते. हिरवी वनस्पती असेल तर वाचलात. नसेल तर हाडं कापायच्या करवतीने तो पाय स्वतःच कापायचा, नाहीतर थोड्या वेळाने मरण. म्हणून निदान एक हिरवी वनस्पती कायम राखून ठेवा. मला या गेमची हीच गोष्ट सर्वांत आवडते: इथे प्रत्येक निष्काळजीपणाची किंमत शरीर मोजतं.

आता लोकलचं. हवं तेव्हा सेव्ह होत नाही. पलंगावर झोपायचं आणि छापा-काटा ओळखायचा. चुकलात तर सेव्ह हुकला. लकी कॉइन वापरलं तर दोन नाणी उडतात, एक जुळलं तरी पुरे. बुक ऑफ एनलायटनमेंट मिळालं तर कुठेही सेव्ह करता येतं, पण कपाटांतून कुठली पुस्तकं निघतील ते दर डावात बदलतं. चर्चगेट आलं तर डेक स्लीपवर टाकता येईल, पण बॅटरी संपली की शेवटच्या सेव्हनंतरचं सगळं गेलं.

तरी मी म्हणेन, घरीच खेळा. यात नग्नता आणि लैंगिक हिंसाचार उघड दाखवला आहे, आणि गर्दीच्या डब्यात तुमची स्क्रीन शेजारच्या मुलांनाही दिसते.