ध्रुवीकरण हा शब्द समाजात, पेशीत आणि प्रकाशात एकाच अर्थाने वापरतात का?

नाही. शब्द ऐकला की दोन टोकं डोळ्यांपुढे येतात, पण प्रकाशात तर ती नसतातच. साध्या प्रकाशात विद्युतक्षेत्राची कंपनं प्रकाशाच्या वाटेला काटकोनात असलेल्या सगळ्या दिशांना होतात; ती एकाच प्रतलात उरली की झालं ध्रुवीकरण. १८०८ साली पॅरिसमध्ये फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञ एतिएन मालुस यांनी खिडकीच्या काचेवरून परावर्तित झालेल्या प्रकाशात ते पाहिलं. प्रकाशकणांना चुंबकासारखे ध्रुव असावेत असं त्यांना वाटलं. कल्पना मागे पडली, शब्द टिकला.

पेशीत मात्र टोकं खरी असतात. आतड्याच्या अस्तरातली पेशी एका बाजूने अन्नघटक शोषते आणि दुसऱ्या बाजूने रक्ताकडे सोपवते.

राजकारणात मधली मतं विरळ होऊन दोन्ही कडांना गर्दी होते. पण माणसं वेगवेगळ्या वस्त्यांत विभागली जाणं ही निराळी गोष्ट आहे, आणि इथेच बहुतेकांची गल्लत होते. अमेरिकी अर्थशास्त्रज्ञ थॉमस शेलिंग यांनी १९७१ मध्ये मांडलेलं प्रारूप यासाठी जरूर समजून घ्या. त्यात चौकटींच्या पटावर दोन गटांची माणसं विखुरलेली असतात. प्रत्येकाची मागणी फक्त एवढीच, की शेजाऱ्यांपैकी साधारण एक तृतीयांश आपल्यासारखे असावेत; तसं नसेल तर तो जागा बदलतो. कुणालाही कुणाचा द्वेष नाही. तरीही थोड्याच स्थलांतरांत पट ठळकपणे दुभंगतो. म्हणून दुभंगलेली वस्ती दिसली की तिथल्या माणसांची मतंही टोकाचीच असतील, असं लगेच धरू नये.