पोस्टर चुकलंय? आधी फोल्डर बघा

जेलीफिनमध्ये (आपल्याकडचे चित्रपट लावून बघायचं मीडिया सर्व्हर सॉफ्टवेअर) १९५३च्या ‘श्यामची आई’वर २०२३च्या चित्रपटाचं पोस्टर आणि कलाकार दिसत असतील, तर एकेक माहिती हाताने बदलत बसू नका. (अत्र्यांच्या कामावर दुसऱ्याचं नाव मला तरी बघवत नाही.) दोन्ही चित्रपट वेगळ्या फोल्डरांत ठेवा, फोल्डर आणि फाइल, दोन्हींच्या नावापुढे कंसात वर्ष लिहा. जुनी एनएफओ फाइल (चित्रपटाची माहिती साठवणारी छोटी फाइल) असेल तर काढा, नाहीतर तीच चुकीची माहिती पुन्हा वाचली जाते. मग लायब्ररी स्कॅन करा. तरीही घोळ राहिलाच तर तीन टिंबांच्या मेनूतून ‘आयडेंटिफाय’ उघडून टीएमडीबी या ऑनलाइन चित्रपट-माहितीसाठ्यातला त्या चित्रपटाचा क्रमांक टाका. नावाने शोधण्यापेक्षा हे खात्रीचं, कारण मराठी नावांचं रोमन स्पेलिंग जो तो आपल्या मनाने करतो. सगळं जुळलं की ती नोंद लॉक करा, म्हणजे माहिती आपोआप बदलणार नाही.