रूळ संपतात तिथे

प्रिय पोरी,

तुझी कथा दोनदा वाचली. उजनीच्या पाण्याखाली गेलेलं गाव, आणि उन्हाळ्यात पाणी उतरलं की आपल्या घराचं जोतं शोधायला जाणारी आजी. पत्राच्या शेवटी तू विचारलंस, "ही कथाच राहू देऊ की हिची फिल्म करू?" उत्तर देतो, पण त्याआधी तुला बंगाली चित्रपट दिग्दर्शक ऋत्विक घटकांबद्दल सांगायचंय.

त्यांचा जन्म १९२५चा, ढाक्यातला. लहानपण बरंचसं राजशाहीत, पद्मा नदीच्या काठी गेलं. १९४३चा बंगालचा दुष्काळ त्यांनी डोळ्यांनी पाहिला आणि १९४७मध्ये ते घर, ती नदी परक्या देशात गेली. आधी त्यांनी कथा लिहिल्या. कथा फार थोड्यांपर्यंत पोचते असं वाटलं, म्हणून इप्टाच्या, म्हणजे डाव्या विचारांच्या 'इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशन'च्या, नाटकांत शिरले. नाटकही पुरेना, तेव्हा सिनेमाकडे वळले. याहून जास्त माणसांपर्यंत पोचवणारं काही सापडलं तर सिनेमाही सोडून देईन, असं ते उघड म्हणत. त्यांची वाहनं बदलत गेली. सांगायचं होतं ते एकच होतं: घर तुटलं.

'कोमल गांधार' (१९६१) बघ. नाटक मंडळीतले दोघे जण पद्मेच्या काठी उभे आहेत. नदीपलीकडे त्यांचा देश. पूर्वी तिकडे जाण्यासाठी असलेली रेल्वेलाइन आता अडसराशी येऊन थांबली आहे. कॅमेरा त्या रुळांवरून वेगानं धावत सुटतो, नावाड्यांची आर्त हाक चढत जाते, अडसर समोर येतो आणि पडदा काळा होतो. फाळणी या शब्दावर भाषण नाही, रडारड नाही. रूळ संपतात, एवढंच.

मी आयुष्यभर ध्वनिमुद्रण केलं, म्हणून 'मेघे ढाका तारा' (१९६०) मला कानांनीच आठवतो. निर्वासितांच्या वस्तीत राहणारी नीता सगळं घर पोसते. सुरुवातीलाच तिच्या चपलेचा अंगठा तुटतो आणि ती चप्पल ओढत चालू लागते. ज्याच्यावर जीव लावला त्याच्या खोलीत दुसऱ्या बाईची चाहूल लागते, आणि जिना उतरताना चाबकाचे फटके ऐकू येतात. पडद्यावर चाबूक कुठेच नाही. नीताची कमाई हातची जाईल या आईच्या भीतीला चुलीवर रटरटणाऱ्या भाताचा आवाज दिलाय. तरुणपणी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला ते भडक वाटलं होतं. पुढे कळलं की ज्यांचं सगळं गेलंय त्यांचं दुःख हळू आवाजात मावत नाही. तुझ्या कथेत तू आजीला फार शांत ठेवलं आहेस. खरंच ती इतकी शांत आहे का?

त्यांच्या वाट्याला यश फारसं आलं नाही. 'नागरिक' १९५२मध्ये तयार होता, पण प्रदर्शित झाला १९७७मध्ये, म्हणजे त्यांच्या निधनानंतरच्या वर्षी. 'मेघे ढाका तारा' चालला, 'कोमल गांधार' पडला. मधल्या काळात मुंबईत पटकथा लिहून पोट भरलं. 'मधुमती'ची कथा त्यांची, हे आपल्याकडे पुष्कळांना ठाऊकच नसतं. पूर्ण लांबीचे चित्रपट एकूण आठ.

आणि पुणं! साठच्या दशकाच्या मध्यावर ते फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवायला आले, उपप्राचार्य झाले. प्रभातचा जुना स्टुडिओ तोच. फार काळ राहिले नाहीत, पण पुढे दिग्दर्शक म्हणून नावाजलेले मणी कौल, कुमार शहानी आणि मल्याळी जॉन अब्राहम (हिंदीतला नट नव्हे) हे त्यांचे विद्यार्थी. तिघांपैकी एकानंही त्यांची नक्कल केली नाही. शिक्षक म्हणून याहून मोठं काही मला तरी माहीत नाही.

एक गोष्ट मात्र त्यांच्याकडून घेऊ नकोस. दारूनं त्यांचं शरीर आणि मन दोन्ही पोखरलं, ६ फेब्रुवारी १९७६ला वयाच्या पन्नाशीतच ते गेले. त्यांच्या पिण्याच्या गोष्टी रंगवून सांगणारी मंडळी तुला भेटतील. मी त्यापायी चांगली मुलं फुकट गेलेली पाहिली आहेत. ते चित्रपट दारूमुळे झाले नाहीत, दारू असूनही झाले. ती नसती तर नववा, दहावा झाला असता, असं मला फार वाटतं.

आता तुझा प्रश्न. कथा की फिल्म, हे आज ठरवूच नकोस. तुझ्या कथेत पाणी आहे, जोतं आहे, आजी आहे, पण तुझे रूळ कुठे संपतात ते मला दिसलं नाही. आजीनं बोट दाखवून "ही आपली चूल" म्हटल्यावर तू लगेच पुढच्या परिच्छेदात जातेस. तिथेच थांबायला हवं होतं. त्या दगडांपाशी ती बसली का? हात लावला का? काय पुटपुटली?

मे महिन्यात पाणी उतरलं की तिला घेऊन पुन्हा जा. कॅमेरा घरी ठेव, फक्त रेकॉर्डर ने. वाऱ्यापासून माइक जप, त्याला जाड फडकं गुंडाळ. तू काही विचारू नकोस, ती चालेल तशी मागून चाल. भेगाळलेल्या गाळावर तिची पावलं कशी वाजतात ते येऊ दे, ती गप्प राहिली तर ते गप्प राहणंही येऊ दे. परत आलीस की काहीही न कापता ते सगळं मला पाठव. आपण दोघं मिळून ऐकू.

तुझा,
काका