दहावं माणूस कोण?

प्रश्न : माझी खारी-बटर-नानकटाईची बेकरी आहे. हजेरीवर आठ कामगार आहेत. माल पोचवायला दोन पोरं कंत्राटदाराकडून घेतो. पत्नी काउंटर सांभाळते, तिचा पगार हिशेबात दाखवतो. दिवाळीत भट्टीवर तीन-चार माणसं रोजावर वाढतात. शेजारचे दुकानदार म्हणतात, ‘तुम्ही दहाच्या आत आहात, ईएसआयची (कर्मचारी राज्य विम्याची) भानगड कशाला मागे लावून घेता?’ एवढ्याशा धंद्याला हा कायदा खरंच लागू होतो का?
— एक बेकरीमालक, सांगली जिल्हा

उत्तर : होतो. तुमचं पत्र वाचता वाचताच मी बोटं मोजली. आठ हजेरीवरचे, दोन कंत्राटाचे, झाले दहा. कंत्राटदाराची माणसं आपली नव्हेत, असं मालक मंडळी ठामपणे सांगतात. या कायद्यात ती तुमचीच. त्यांचा हप्ता कंत्राटदाराने भरला नाही तर आधी तुम्ही भरायचा आणि मग त्याच्या बिलातून कापून घ्यायचा.

आता वहिनींचं. घरचं माणूस बिनपगारी काउंटरवर बसलं तर ते मोजणीत येत नाही. पण तुम्ही त्यांचा पगार खर्चात दाखवता. इन्कम टॅक्सपुढे पगारदार आणि ईएसआयपुढे ‘घरचीच हो’, हे दोन्ही एकदम जमत नाही. म्हणजे अकरा. मालक म्हणून तुम्ही स्वतः मात्र यात नाही.

शेजाऱ्यांचंही फार चुकत नाही, ते जुनं सांगताहेत एवढंच. कर्मचारी राज्य विमा कायदा १९४८ चा. त्यात कारखान्याला एक आकडा आणि दुकानाला वेगळा. महाराष्ट्रात दुकानांसाठी बरीच वर्षं वीस माणसांची अट होती, ती लोकांच्या डोक्यात पक्की बसली आहे. पण तुमच्याकडे भट्टी आहे, माल तयार होतो. त्यामुळे जुन्या कायद्यातही तुम्ही दुकानात नाही, कारखान्यात मोडत होता आणि तिथे आकडा दहाचाच होता. त्यातही मागच्या बारा महिन्यांत एखाद्या दिवशी जरी दहा माणसं कामाला असली तरी पुरत असे. तुमच्या दिवाळीच्या रोजंदारीवाल्यांनी ते काम कधीच करून ठेवलं असणार. २१ नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली. आता दुकान असो, कारखाना असो, दहा किंवा जास्त कर्मचारी असले की ईएसआय आलं. हंगामी कारखाने तेवढे वगळलेत. सरकारने धोकादायक म्हणून जाहीर केलेल्या कामांत तर एका माणसालाही ते लागू करता येतं. दहाच्या आतला मालकही कामगारांच्या बहुमताने आपणहून आत येऊ शकतो.

एकदा लागू झालं की पुढे माणसं सहावर आली तरी सुटका नाही. म्हणून ‘दोन जणांना कमी करतो, मग बघू’ हा बेत मनात असेल तर सोडून द्या.

पैशाचं सांगतो, कारण खरी धास्ती तिथेच असते. सध्या कामगाराच्या पगारातून ०.७५ टक्के कापायचे आणि मालकाने ३.२५ टक्के घालायचे. तुमच्या कारागिराला १६,००० रुपये पडत असतील तर त्याचे १२० आणि तुमचे ५२०. दोन्ही मिळून ६४० रुपये, पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत. तुमचा वाटा त्याच्या पगारातून वळता करायचा नाही. तसं करणारे भेटतात म्हणून लिहितो. जुलै २०१९ च्या आधी हाच एकूण हप्ता साडेसहा टक्के होता, तेव्हाची कुरकुर मला समजायची. आता कुरकुरीला फारसा अर्थ नाही.

या ५२० रुपयांत मालकाला काय मिळतं, हे कोणी सांगत नाही. पगारपत्रकं तपासण्यात माझं आयुष्य गेलं, त्यातलं एक उदाहरण देतो. एका वर्कशॉपमध्ये मस्टरवर नऊ नावं होती, बाकीच्यांची नावं शाळेच्या दोनशे पानी वहीत. प्रेस मशीनमध्ये एका हेल्परची दोन बोटं गेली. तो हेल्पर वहीतला निघाला. कर्मचारी राज्य विमा महामंडळाने त्याला अपंगत्वाचा लाभ दिला आणि त्याची भांडवली किंमत, म्हणजे पुढे द्यायच्या सगळ्या रकमेची आजची किंमत, एकरकमी मालकाकडून वसूल केली. नोंदणी वेळेवर असती तर मालकाला एक पैसा भरावा लागला नसता. विमा असलेल्या कामगाराची अपघाताची भरपाई महामंडळ देतं, ती मालकाकडे मागता येत नाही. तुमच्याकडे पीठ मळायचं यंत्र आहे, भट्टी आहे. विचार करा.

कामगाराला पहिल्या दिवसापासून, घरच्यांसकट, औषधोपचार मिळतात. कामावर इजा झाली तर बरं होईपर्यंत पगाराच्या ९० टक्के, त्याला किती दिवस भरले याची अट नाही. साध्या आजारपणात ७० टक्के, वर्षात ९१ दिवसांपर्यंत. त्यासाठी मात्र सहामाहीत ७८ दिवसांचा हप्ता भरलेला लागतो. बाळंतपणाला २६ आठवडे. दवाखान्यात रांग असते, औषध ‘उद्या या’ होतं, हे मलाही माहीत आहे. तरी १६ हजारांत घर चालवणाऱ्याला दुसरा विमा कोण देणार?

तेव्हा महामंडळाच्या पोर्टलवर नोंदणी करा, सतरा आकडी कोड घ्या. दहावं माणूस कामाला लागलं ती तारीख जुन्या वहीतून काढून खरी लिहा. तेव्हापासूनचा हप्ता आणि त्यावर वर्षाला १२ टक्के व्याज द्यावं लागेल. अधिकारी दारात येण्याआधी आपण गेलेलं बरं. आणि पीएफ याच्यात मिसळू नका. त्याचा आकडा वीसचा आहे, तो तुम्हाला आज लागू नाही.

प्रश्न : आमच्या सुपरवायझरचा पगार जुलैमध्ये २०,५०० वरून २२,००० केला. ईएसआयची पगारमर्यादा २१,००० ची आहे. ऑगस्टपासून कपात थांबवली, बरोबर ना?
— एक वाचक, चाकण

उत्तर : नाही. एप्रिल ते सप्टेंबर ही एक सहामाही. तिच्यात मधेच पगार वाढला तरी ३० सप्टेंबरपर्यंत कापायचं, तेही २१,००० वर नाही, पूर्ण २२,००० वर. राहिलेल्या दोन महिन्यांचे व्याजासकट भरून टाका. १ ऑक्टोबरपासून तो बाहेर. त्याचे लाभ मात्र पुढच्या ३० जूनपर्यंत चालू राहतात, एवढं त्याला जरूर सांगा. बहुतेकांना ते ठाऊकच नसतं.