धोंडू म्हणजे धुंडिराज नव्हे

प्रश्न असा आला आहे: "वंशावळ छापायची आहे. पणजोबांचं नाव धोंडू, त्यांच्या धाकट्या भावाचं दगडू आणि बहिणीचं भिकूबाई. घरातली मंडळी म्हणतात, धोंडू हा धुंडिराजचा अपभ्रंश आहे, तेव्हा धुंडिराजच छापू. हे बरोबर आहे का? आणि एकाच घरात तिन्ही पोरांना अशी नावं का ठेवली असतील?"

आधी पहिल्या प्रश्नाचं उत्तर: बरोबर नाही. धुंडिराज हा काशीचा ढुंढिराज गणपती. मराठीत 'ढ'चा 'ध' झाला, एवढंच. दादासाहेब फाळक्यांचं धुंडिराज गोविंद हे नाव त्या गणपतीचं. धोंडूचा उगम सरळ 'धोंडा' या शब्दात आहे. महर्षी कर्वे धोंडो केशव होते आणि 1857 च्या उठावातले नानासाहेब पेशवे धोंडोपंत. त्यांना त्या नावाची लाज वाटल्याचं दिसत नाही. वंशावळीत पणजोबांना गणपती करून घेण्याची हौस अलीकडची आहे.

व्याकरणही हेच सांगतं. धोंडा या सामान्यनामाला प्रत्यय लागला की 'धोंड्याला', 'धोंड्याचा' असं रूप होतं. त्याला ऊ किंवा ओ जोडला की ते विशेषनाम होतं आणि मग 'धोंडूला', 'धोंडोचा' असं न बदलता चालतं. दगड-दगडू, भीक-भिकू, केर-केरू ही सगळी याच साच्यातली. पुढे मानाप्रमाणे शेपूट लागतं: धोंडीबा, धोंडोपंत, भिकाजी, दगडूशेठ. रागावून हाक मारली की धोंड्या, दगड्या. पुण्यातल्या सर्वांत प्रसिद्ध गणपतीच्या नावात एक 'दगडू' आहे, हे रोज म्हणताना कुणाच्या ध्यानातही येत नाही.

आता तिन्ही पोरांना अशी नावं का. बहुधा त्यांच्या आधीची भावंडं दगावली असणार. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आपल्याकडे जन्मलेल्या हजार मुलांपैकी दोनशेच्या आसपास मुलं पहिल्या वर्षातच जात. एकापाठोपाठ एक पोरं गेली की घरच्यांची समजूत अशी, की सटवाईची, भुताखेताची किंवा माणसाचीच दृष्ट चांगल्या गोष्टीवर पडते. मग मूल चांगलं नाहीच असं दाखवायचं. हा धोंडा आहे, हा केर आहे, हे भिकेत मिळालेलं आहे, याला नेऊन काय करणार?

यात नाव हा शेवटचा भाग, त्याआधी कृती असे. मूल उकिरड्यावर ठेवून उचलून आणायचं. विदर्भातलं उकर्डा हे नाव त्यातून आलं. घरोघर मागून आणलेल्या चिंध्यांचं अंगडं घालायचं. तो भिकू, ती भिकूबाई. मोहरमला नवस बोलून मुलाला फकीर करायचं, तो फकिरा. मुलाचं नाक टोचून नथ घालायची, म्हणजे मुलगी समजून संकट फसेल. तो नथू, आणि हिंदी पट्ट्यात छेदी. बंगालात मूल नात्यातल्या बाईला नाममात्र किमतीत विकत. तिनकडी म्हणजे तीन कवड्यांना, पाचकडी म्हणजे पाच कवड्यांना विकलेला. खुदीराम बोस यांच्या आधीचे दोन भाऊ गेले होते, म्हणून थोरल्या बहिणीने त्यांना तीन मुठी खुद देऊन 'विकत' घेतलं. खुद म्हणजे तांदळाची कणी, म्हणून खुदीराम.

दगडाच्या बाबतीत एक गुंता आहे. दगड कवडीमोल असतो, तसा तो टिकाऊही असतो. 'पोर दगडासारखं टिकू दे' हाही अर्थ या नावात आहे आणि दोन्ही अर्थ एका वेळी सुखाने नांदतात. दगड हे नाव म्हणून कमी दर्जाचं वाटत असेल तर पीटर घ्या. येशूने सायमन नावाच्या शिष्याला अरामी भाषेत 'केफा' म्हणजे खडक असं नाव दिलं. ग्रीकमध्ये खडकाला 'पेत्रा' म्हणतात, पण तो शब्द स्त्रीलिंगी, म्हणून पुरुषासाठी 'पेत्रोस' केलं. त्याचं पुढे लॅटिनमध्ये पेत्रुस, इंग्रजीत पीटर, फ्रेंचमध्ये पिएर, पोर्तुगीजमध्ये पेद्रू. मराठी बायबलात तो पेत्र आहे. गोव्यातला पेद्रू आणि घाटावरचा दगडू अर्थाने सख्खे भाऊ; फक्त पेद्रूच्या नावात दृष्ट चुकवण्याचा भाग नाही.

दृष्ट चुकवणारी नावं मात्र आपल्यापुरती अजिबात नाहीत. मंगोलियात नेरग्वी म्हणजे 'नाव नाही', एनेबिश म्हणजे 'हा नव्हे' आणि ख्युनबिश म्हणजे 'माणूस नव्हे'. न्यायला आलेल्या भुताने हाक मारली तरी सापडायला कुणी नाही! चीनच्या खेड्यांत गौशंग, म्हणजे कुत्र्याने खाऊन टाकलेलं उरलंसुरलं. पण तिथे हे 'दुधाचं नाव' असे, शाळेत जाताना वेगळं नाव मिळे. आपल्याकडे पाळण्यातलं आणि व्यवहारातलं अशी दोन नावं असतात, त्याच्याशी याचं नातं जवळचं. जपानचा सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशी याला 1589 मध्ये उतारवयात मुलगा झाला, त्याचं लाडकं नाव 'सुते', म्हणजे टाकलेला. तो 1591 मध्ये वारला. 1593 मध्ये दुसरा झाला तेव्हा त्याला खरोखर बाहेर टाकून एका सरदाराकडून उचलून आणवलं आणि नाव ठेवलं 'हिरोई', म्हणजे सापडलेला. उकिरड्यावरच्या उकर्ड्याची ही राजवाड्यातली आवृत्तीच.

नायजेरियातले योरुबा लोक वेगळ्या वाटेने जातात. तेच मूल पुन्हापुन्हा जन्मून मरतं अशी त्यांची समजूत, अशा मुलाला ते 'आबिकू' म्हणतात. म्हणून नाव भुताला फसवायला नव्हे, मुलाशीच बोलायला असतं. मालोमो म्हणजे 'आता जाऊ नकोस', दुरोजाये म्हणजे 'थांब, आयुष्य भोग'. कोसोको म्हणजे 'कुदळ नाही', अर्थात तुला पुरायला खड्डा कोण खणणार? कोसोको नावाचा राजा 1845 ते 1851 लागोसच्या गादीवर होता. तुर्कीतलं दुर्सुन, म्हणजे 'राहू दे', याच जातीचं.

इथे एक सावधगिरी बाळगायला हवी. प्रत्येक हलकं नाव दृष्टीसाठीच ठेवलेलं असतं असं नाही. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात (श्लोक 31) ब्राह्मणाचं नाव मंगल, क्षत्रियाचं बलवाचक, वैश्याचं धनवाचक आणि शूद्राचं 'जुगुप्सित', म्हणजे किळस येईल असं असावं, अशी सरळ आज्ञा आहे. दलित वस्तीतल्या दगडूच्या मागे दगावलेली भावंडं असू शकतात, तशीच ही सक्तीही असू शकते. कवी दया पवार यांचं मूळ नाव दगडू मारुती पवार. कर्व्यांचा धोंडो आणि पवारांचा दगडू शब्दार्थाने एकच, पण दोन्ही नावं एकाच कारणाने आली असं गृहीत धरणं चूक.

दुसरी गल्लत मुलींच्या नावांत होते. नकुशी, नकोशा ही नावं धोंडूच्या रांगेत बसवणारे लोक भेटतात. ती तिथली नव्हेत. धोंडूचे आईबाप खोटं बोलत होते: मूल हवं होतं, म्हणून नको असल्याचं सोंग. नकुशीच्या नावात सोंग नाही, मुलगी खरोखरच नको होती आणि पुढचा मुलगा व्हावा म्हणून तसं नाव. चीनमधलं झाओदी, म्हणजे 'भावाला बोलावणारी', आणि जपानमधलं तोमे, म्हणजे 'आता थांबव', ही तिची बहीणनावं. हरियाणाची कुस्तीगीर अंतिम पंघाल हिचं नावही आणखी मुली नकोत म्हणूनचंच. 2011 मध्ये सातारा जिल्ह्यात अशा दोनशेहून अधिक मुलींची नावं समारंभपूर्वक बदलण्यात आली. तुमच्या भिकूबाई मात्र या गटातल्या नव्हेत. भीक मागून मिळवलेली मुलगी ही हवी असलेलीच मुलगी असते.

खात्री करायची तर गाव नमुना 14, म्हणजे कोतवाल बुकातल्या जन्म-मृत्यूच्या नोंदी तहसील कचेरीतून काढा. पणजोबांच्या जन्माआधीच्या सात-आठ वर्षांत त्याच बापाच्या नावावर बालमृत्यू दिसतात का ते पाहा. जुन्या नोंदी मोडीत असतील आणि मोडीत ऱ्हस्व-दीर्घ वेगळं दाखवत नाहीत, म्हणून 'धोंडु' की 'धोंडू' यावर वेळ घालवू नका. जन्माचा महिनाही बघा. अधिक महिन्याला धोंड्याचा महिना म्हणतात, तेव्हा भावंडं दगावलेली नसतील आणि जन्म त्या महिन्यातला असेल, तर नाव तिथूनही आलेलं असू शकतं. जन्मपत्रिका हाती लागली आणि तीत खरोखर धुंडिराज लिहिलेलं असलं, तर ते छापा आणि पुढे 'ऊर्फ धोंडू' लिहा. नसेल तर धोंडू, दगडू, भिकूबाई असंच छापा, आणि मृत्यूनोंदीत आधीच्या भावंडांची नावं सापडली तर त्यांनाही त्या पानावर एक ओळ द्या.